नकुसा: नको म्हणून ठेवलेलं नाव

एरवी या कार्यक्रमात आम्ही बचत, व्याज, शेळ्या आणि डाळिंबाच्या बागा यांच्याविषयी बोलतो. आज पैशाचा विषय नाही. आज बोलायचं आहे नावाविषयी, आणि त्यातही बाईच्या नावाविषयी.

गटाची बैठक सुरू झाली की आम्ही आधी हजेरी घेतो. वही उघडली की एकेक नाव येतं. रुक्मिणी, विठाबाई, चंद्रभागा. पंढरपूर शेजारीच, त्यामुळे ही नावं आपल्याकडं भरपूर. मग जनाबाई आणि मुक्ताबाई, म्हणजे संतांची नावं. मग भीमाबाई, कृष्णाबाई, गोदावरी, गंगूबाई. या सगळ्या नद्या. आपल्या दुष्काळी मुलखात पाणी सगळ्यांत मोलाचं, म्हणून लेकीला नदीचं नाव. काही नावांतून घरच्यांचा आनंद सरळ दिसतो. सोनाबाई, लाडूबाई, आवडाबाई, हौसाबाई. आवडाबाई म्हणजे आवडलेली. हौसाबाई म्हणजे हौसेनं मागितलेली.

आणि मग एखाद्या पानावर येतं, नकुसा.

कुठं नकुसा, कुठं नकुशा, कुठं नकोशी. कागदावर एक आणि बोलण्यात दुसरं, असंही असतं. शब्द तोच आहे. ‘नको’ला ‘सा’ किंवा ‘शी’ लागलं आणि नाव तयार झालं. अर्थ शोधायला पुस्तक उघडायला नको, मराठी येणाऱ्या लहान पोरालाही तो कळतो. हजेरीला आपण ते नाव सवयीनं घेतो, ती बाई सवयीनं ‘हाय की’ म्हणते आणि काम पुढं जातं. सवयीमुळं अर्थ ऐकू येत नाही, एवढंच. पण सहा-सात वर्षांच्या मुलीला शाळेत बाई पहिल्यांदा या नावानं हाक मारतात आणि मागच्या बाकावरची पोरं हसतात, तेव्हा तिला तो अर्थ नीट ऐकू येतो. हे नाव आलं कुठून आणि ते थांबवायचं कसं, ते आज बघू.

आधी आपल्याकडं नाव कसं ठेवतात ते आठवा. बाळ झाल्यावर पाचवी पुजतात. सटवाई येऊन बाळाच्या कपाळावर नशीब लिहून जाते, असं आपण लहानपणापासून ऐकलंय. बाराव्या दिवशी बारसं. बाळाला पाळण्यात घालायचं, बायांनी पाळणा म्हणायचा, आत्यानं वाकून बाळाच्या कानात नाव सांगायचं आणि कुर्र करायचं. मग घुगऱ्या वाटायच्या. यात एक गोष्ट ध्यानात घ्या. बारसं हा बायांचा कार्यक्रम आहे. गडीमाणसं बाहेर ओसरीवर बसतात. नाव सुचवते आजी, नाहीतर चुलती, आणि कानात सांगते ती आत्या. सटवाईचं लिहिलेलं कुणाला वाचता येत नाही, पण बारशाचं नाव माणसंच ठेवतात, आणि त्यातही बायका ठेवतात. हा मुद्दा पुढं कामाला येणार आहे.

आता कुणी म्हणेल, वाईट नावं काय फक्त मुलींनाच ठेवतात? मुलग्यांनाही दगडू, धोंडू, भिकू अशी नावं आहेतच की. बरोबर आहे, आहेत. पण ती का ठेवतात ते बघा. पूर्वी घरात एकामागून एक मुलं दगावायची. देवी, पटकी, नवज्वर, आणि औषध नाही. मग जगलेल्या मुलाला कुणाची दृष्ट लागू नये म्हणून त्याला दगड म्हणायचं, भिकेत मिळालेला म्हणायचं. नाव वाईट ठेवायचं ते मूल राहावं म्हणून. आईबाप मनातून म्हणत असतात, हा आमचा जीव आहे, याला कुणी नेऊ नका.

नकुसाचं तसं नाही. तिचं वाईट नाव तिला राखण्यासाठी नसतं. दोन-तीन मुलींवर पुन्हा मुलगी झाली की हे नाव ठेवायचं, म्हणजे देवाला निरोप पोहोचतो, आता मुली पुरे, पुढचा मुलगा दे. हा समज फार जुना आहे आणि आपल्या माणदेशात, साताऱ्याकडं आणि सांगलीकडं तो घट्ट रुजलेला होता. म्हणजे नाव ठेवलं जातं या मुलीला, पण बोलणं चाललेलं असतं पुढच्या मुलाविषयी. तिच्या बारशात तिच्याविषयी कुणी काही बोललेलंच नसतं. दगडू आणि नकुसा ही दोन्ही नावं ऐकायला सारखीच ओबडधोबड, पण दोन्हींच्या मागचं मन उलटं आहे.

मुलगी नको का वाटत होती, हे तुम्हाला आम्ही सांगायची गरज नाही. हुंडा द्यायचा, लग्न करून द्यायचं, मग ती दुसऱ्याच्या घरी राबणार. जमीन मुलाच्या नावानं, म्हातारपणी भाकर मुलाच्या घरी, सरणाला अग्नी मुलाचा. कायदासुद्धा बरीच वर्षं तसाच होता. 1956 च्या हिंदू वारसा कायद्यानं मुलीला बापाच्या हिश्श्यात वाटा दिला, पण वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत जन्मापासूनचा हक्क मुलग्यालाच राहिला. महाराष्ट्रानं तो हक्क मुलींना 1994 मध्ये दिला आणि सगळ्या देशाला तो 2005 मध्ये मिळाला. म्हणजे आज पन्नाशीत असलेली नकुसा जन्मली, तेव्हा घराच्या हिशेबात ती खर्चाच्या बाजूलाच लिहिलेली होती. तिच्या आईलाही दोष देता येत नाही. मुलगा झाला नाही तर सवत येईल, ही भीती त्या बाईच्या उशाशी होती.

आणि मुलगी झाली की बोल लागायचा तो बाईला. यातलं शास्त्र एकदा सरळ सांगतो, गटात नक्की सांगा. मूल मुलगा होणार की मुलगी, हे ज्या दोन गुणसूत्रांवर ठरतं, त्यांतलं एक आईकडून येतं आणि एक बापाकडून. आईकडं फक्त एक्स जातीचं असतं. बापाकडं एक्स आणि वाय दोन्ही असतात. बापाकडून एक्स आलं तर मुलगी, वाय आलं तर मुलगा. आईच्या पोटात वाय नसतंच, तर ती देणार कुठून? आणि बापाकडून यातलं कोणतं यावं, हे त्याच्याही हातात नसतं. आधीच्या मुलीचं नाव काय ठेवलं, त्याचा याच्याशी काडीचा संबंध नाही. नकुसावर मुलगा झाला, अशी उदाहरणं लोक सांगतात. नकुसावर पुन्हा मुलगीच झाली, अशीही घरं तेवढीच असणार, पण ती कुणी मोजत नाही.

हे काही फक्त आपल्याकडचं नाही. तामिळनाडूत अशा मुलीला ‘वेंडाम’ म्हणतात. तामिळमध्ये त्याचा अर्थ ‘नको’. राजस्थानात ‘धापू’ हे नाव आहे, म्हणजे आता पोट भरलं. हरियाणात ‘भतेरी’ आणि ‘काफी’, दोन्हींचा अर्थ पुष्कळ झालं. चीनमध्ये ‘चाओदी’ असं मुलीचं नाव असायचं. त्याचा अर्थ, धाकट्या भावाला बोलावून आण. बघा, भाषा वेगळी, देव वेगळे, पण मुलीच्या नावातून मागणी मुलाचीच.

हरियाणातलं एक नाव तुम्ही बातम्यांत ऐकलं असेल. अंतिम पंघाल, हिसार जिल्ह्यातल्या भगाणा गावची कुस्तीपटू. आईबापाला आधीच्या तीन मुली. चौथी झाली तेव्हा ही शेवटची असू दे म्हणून नाव ठेवलं, अंतिम. तीच पोर 2022 मध्ये वीस वर्षांखालच्या जागतिक कुस्ती स्पर्धेत सोन्याचं पदक घेऊन आली. त्या गटात जगज्जेती होणारी ती पहिली भारतीय मुलगी. पुढच्या वर्षी तिनं ते पदक पुन्हा जिंकलं. नाव तिनं बदललं नाही. आज अंतिम म्हटलं की लोकांना कुस्ती आठवते. पण प्रत्येक पोरीला जगज्जेतं होऊन आपलं नाव धुवावं लागावं, हा कुठला न्याय?

आता जरा लांब जाऊ, इटली देशात. तिथल्या एका नावामुळं आपलं नकुसा हे नाव जास्त चांगलं समजतं.

इटलीची राजधानी रोम. दोन हजार वर्षांपूर्वी तिथं फार मोठं राज्य होतं. त्या काळी रोमच्या मोठ्या घराण्यांत मुलाला स्वतःचं वेगळं नाव असायचं. मुलीला बहुतेक वेळा नसायचं. बापाच्या घराण्याचं नावच थोडं फिरवून तिला लावायचे. ज्युलियस घराण्यातली मुलगी ज्युलिया, कॉर्नेलियस घराण्यातली कॉर्नेलिया. दोन मुली झाल्या तर थोरली आणि धाकटी. आणखी झाल्या तर तिसरीला तेर्त्सिया, चौथीला क्वार्ता, म्हणजे नुसते आकडेच. घरातल्या सगळ्या बहिणींचं नाव एकच. आपल्याकडं मास्तर म्हणायचे ना, अमक्याची थोरली, तमक्याची तिसरी, तसंच.

त्यानंतर हजारापेक्षा जास्त वर्षं गेली. तेराव्या शतकात, म्हणजे आपल्याकडं ज्ञानेश्वर आणि मुक्ताबाई यांचा काळ, इटलीच्या ईशान्येकडं चिविदाले नावाचं गाव होतं. तिथं बोयानी घराण्यात एक मुलगी जन्मली. तिची गोष्ट अशी सांगतात. त्या घरात आधीच्या सहा मुली होत्या. बापाला मुलगा हवा होता आणि ते सगळ्या घराला ठाऊक होतं. सातवी मुलगीच झाली. आता बाहेर जाऊन त्याला सांगायचं कुणी? सुईणी आणि बाया एकमेकींकडं बघत गप्प राहिल्या. त्या गप्प आहेत यावरूनच बाप काय ते उमजला. आणि तो म्हणाला, हीसुद्धा आली ते चांगलंच झालं, हिचंही स्वागत आहे. तिचं नाव पडलं बेनवेनूता. इटालियन भाषेत ‘बेने’ म्हणजे चांगलं, ‘वेनूता’ म्हणजे आलेली. आपल्या बोलीत म्हणायचं तर, बरं झालं बाई आलीस. आजही इटलीत दुकानाच्या दारावर गिऱ्हाइकांसाठी ‘बेनवेनूती’ लिहिलेलं असतं, आपण सुस्वागतम् लिहितो तसं. ही बेनवेनूता पुढं देवाधर्मात रमली, लग्न न करता माहेरीच राहिली आणि 1292 मध्ये वारली. तिकडचा ख्रिस्ती समाज तिला पुण्यवंत मानतो. सातशेपेक्षा जास्त वर्षं झाली तरी तिच्या नावाची गोष्ट सांगतात.

ही गोष्ट आम्ही का सांगितली? इटलीत सगळं आलबेल होतं म्हणून नाही. हुंडा तिथंही होता, मुलाची ओढ तिथंही होती, नाहीतर सुईणी घाबरल्या नसत्या. म्हणून सांगितली की घर तेच, अडचण तीच, सातवी मुलगी तीच. तरी एका घरात नाव पडलं बेनवेनूता आणि दुसऱ्या घरात त्याच जागी नाव पडतं नकुसा. परिस्थिती आपल्या हातात नसते, हे खरं. पण त्या दिवशी तोंडातून कोणता शब्द काढायचा, एवढं मात्र हातात असतं.

आणि इटलीपर्यंत जायचीही गरज नाही. आपल्या हौसाबाई आहेत की. क्रांतिसिंह नाना पाटलांची लेक हौसाबाई पाटील. त्यांचं येडेमच्छिंद्र गाव त्या वेळी सातारा जिल्ह्यात होतं, आता सांगलीत आहे. ज्या मुलखात नकुसा हे नाव चालत होतं, त्याच मुलखात एका शेतकऱ्याच्या घरी 1926 मध्ये लेक झाली आणि तिचं नाव हौसा पडलं. इंग्रजांविरुद्ध साताऱ्यात प्रतिसरकार उभं राहिलं, तेव्हा ही पोर वयाच्या सतराव्या-अठराव्या वर्षी तूफान सेनेच्या कामात होती. भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर तिनं मार खाण्याचं सोंग केलं, भांडण सोडवायला पोलीस बाहेर आले आणि तेवढ्यात साथीदारांनी आतली हत्यारं पळवली. 2021 मध्ये, पंचाण्णवाव्या वर्षी त्या गेल्या. नावामुळं त्या शूर झाल्या, असं आम्ही म्हणणार नाही. पण जिला हौसेनं घरात घेतलं, ती अंगणात निर्धास्त वाढली.

आता बघू, सरकारदरबारी नकुसाची दखल कधी घेतली गेली. 2011 साली जनगणना झाली. सहा वर्षांपर्यंतच्या मुलामुलींची मोजणी त्यात वेगळी करतात. महाराष्ट्रात 1991 मध्ये हजार मुलग्यांमागे 946 मुली होत्या. 2001 मध्ये त्या 913 झाल्या आणि 2011 मध्ये 894. सातारा जिल्ह्यातही आकडा नऊशेच्या खाली आला. कारण उघड होतं. पूर्वी मुलगी नको असली तर निदान जन्मायची, मग तिला नकुसा म्हणायचे. सोनोग्राफीचं यंत्र आल्यावर तिला नाव ठेवण्याचीही वेळ येईना. तपासणीवर बंदी आणणारा कायदा महाराष्ट्रानं देशात सर्वांत आधी, 1988 मध्ये केला होता. देशाचा कायदा 1994 मध्ये आला. तरी चोरून चालायचं ते चालतच होतं.

त्याच वर्षी साताऱ्याच्या जिल्हा परिषदेनं गावोगाव शोध घेतला की नकोशी, नकुसा अशा नावाच्या मुली किती आहेत. 285 मुली सापडल्या. ही गोष्ट काही शंभर वर्षांपूर्वीची नाही. त्यांतल्या कितीतरी शाळेत शिकत होत्या. 22 ऑक्टोबर 2011 रोजी साताऱ्यात कार्यक्रम झाला. नटूनथटून, वेण्या घालून, रिबिनी बांधून मुली रांगेत उभ्या राहिल्या आणि प्रत्येकीच्या हातात फूल आणि नव्या नावाचं प्रमाणपत्र दिलं गेलं. कुणी सिनेमातल्या नटीचं नाव घेतलं, ऐश्वर्या. कुणी सावित्री झाली. कुणी वैशाली. बातमी जगभरच्या वर्तमानपत्रांत आली. पुढं याच विषयावर ‘नकुशी’ नावाची मालिकासुद्धा टीव्हीवर लागली, तुमच्यातल्या पुष्कळजणींनी ती बघितली असेल.

त्या रांगेचा आम्ही पुष्कळदा विचार करतो. मुलीला नाव दुसरे ठेवतात, हीच आपली रीत. जन्मल्यावर आत्या ठेवते. लग्नात नवरा तांदळाच्या ताटात अंगठीनं नवं नाव लिहितो. आनंदीबाई जोशी 1886 मध्ये अमेरिकेत डॉक्टर झाल्या, त्यांचं माहेरचं नाव यमुना. आनंदी हे नाव लग्नात मिळालेलं. आपल्या भागातल्या पुष्कळ नकुसांचं नावही असंच सासरच्या ताटात बदललं आणि त्या सुटल्या. साताऱ्यातल्या मुलींनी मात्र लग्नाची वाट न बघता, आपल्या मनानं, आपल्या आवडीचं नाव सांगितलं. आपलं नाव आपण ठेवायचं, ही गोष्ट आपल्याकडं बाईच्या वाट्याला फार क्वचित येते.

मग ज्यांचं नाव बदललं नाही, त्यांचं काय? आमच्या गटांत या नावाच्या मावश्या आहेत. साठीकडं झुकलेल्या एका मावशींना आम्ही विचारलं, तुमचं नाव बदलून घेऊ का, कागदपत्रं आम्ही करून देतो. त्या थोडा वेळ गप्प बसल्या. मग म्हणाल्या, ‘‘या नावानं कर्ज काढलं, या नावानं फेडलं. मालक गेल्यावर सातबाऱ्यावर हेच नाव चढलं. आता बदललं तर बँकेच्या साहेबाला मीच का म्हणून पटवायचं?’’ सगळ्या हसल्या. त्याही हसल्या. जाताना मात्र दारात थांबून त्यांनी हळूच सांगितलं, ‘‘नातीचं नाव मीच ठेवलंय. परी.’’

आम्हाला त्यांचं दोन्ही म्हणणं पटलं. मोठ्या बाईनं आपलं नाव ठेवावं की बदलावं, हे तिनं ठरवायचं. आपण घाई करू नये आणि कीवही करू नये. काही बायांना ते नाव अजून टोचतं, त्यांना मदत करावी. काहींनी त्या नावाला स्वतःच्या कष्टानं वजन आणलंय, तो त्यांचा मान आहे. एवढं मात्र सगळ्यांनी पाळायचं की गटात कुणीही त्या नावावरून थट्टा करायची नाही. आणि एखादी सांगेल की मला दुसऱ्या नावानं हाक मारा, तर त्याच नावानं मारायची. त्याला सरकारी कागद लागत नाही.

आता कामाच्या चार गोष्टी. वही घेऊन बसला असाल तर टिपून घ्या.

बाळाच्या जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते. त्या वेळी नाव ठरलं नसलं तरी नोंद होते. नोंद झाल्यापासून 12 महिन्यांपर्यंत नाव फुकट घालता येतं, त्यानंतर विलंब शुल्क भरून 15 वर्षांपर्यंत. म्हणून घाईघाईनं कुणी काहीतरी नाव लिहून टाकत असेल तर थांबवा. नाव नीट ठरवा आणि मग लिहा. 1 ऑक्टोबर 2023 नंतर जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेशापासून पुढच्या बहुतेक कामांना जन्मदाखला हाच मुख्य पुरावा आहे. त्यावर एकदा चढलेलं नाव बदलणं सोपं नसतं.

मुलगी शाळेत असेल आणि नाव बदलायचं असेल, तर ती शाळेत आहे तोवरच मुख्याध्यापकांना भेटा. शाळा सोडल्याचा दाखला हातात पडल्यावर काम अवघड होतं. मोठ्या बाईला बदलायचं असेल तर शासनाच्या राजपत्रात ते छापून आणावं लागतं. त्याचा अर्ज ऑनलाइन भरता येतो. ते राजपत्र दाखवून मग आधार, बँक, रेशनकार्ड एकेक करून बदलायचं. सगळीकडं एकच नाव आणि एकच स्पेलिंग राहील एवढं बघा, नाहीतर पुढं प्रत्येक खिडकीवर अडेल.

आणखी एक. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या प्रत्येक बाळाच्या सरकारी कागदावर आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग बापाचं, मग आडनाव असं लिहायचं, असा महाराष्ट्र शासनाचा निर्णय आहे. म्हणजे नकुसा नावाची आई असेल, तर तिचंही नाव तिच्या लेकराच्या नावाला लागून छापलं जाणार. जिला नको म्हटलं, तिच्यावाचून आता लेकराचं नाव पुरं होत नाही.

आणि 1 एप्रिल 2023 नंतर घरात मुलगी झाली असेल, रेशनकार्ड पिवळं किंवा केशरी असेल, तर लेक लाडकी योजनेची चौकशी अंगणवाडीत करा. जन्मल्यावर 5 हजार, पहिलीत 6 हजार, सहावीत 7 हजार, अकरावीत 8 हजार आणि अठरा वर्षं पूर्ण झाल्यावर 75 हजार, असे सगळे मिळून 1 लाख 1 हजार रुपये टप्प्याटप्प्यानं मिळतात. अटी अंगणवाडीताई सांगतील.

बायांनो, आता ते बारशाचं म्हणणं पुन्हा आठवा. पाळण्याजवळ बसणाऱ्या आपण, वाकून कानात सांगणारी आत्या आपल्यातलीच. पुढच्या महिन्यात तुमच्या गल्लीत, तुमच्या वस्तीवर कुणाच्या घरी दुसरी-तिसरी मुलगी झालेली असेल. बारशाला कदाचित फार कुणी जाणार नाही. घुगऱ्याही कदाचित शिजणार नाहीत. तिथं गटातल्या चौघीजणी मिळून जा. बाळंतिणीला काय हवं-नको ते विचारा. पाळणा म्हणा, मोठ्यानं म्हणा. आणि आजी जर तोंडातल्या तोंडात नकुसा म्हणायला लागली, तर तिच्याशी भांडू नका. तिच्याजवळ बसा आणि तिला विचारा, आजी, तुमच्या आईनं तुमचं नाव काय ठेवलं होतं, आणि ते कशावरून?

या आठवड्याच्या बैठकीत हजेरी झाली की प्रत्येकीनं आपल्या नावाची गोष्ट सांगायची. कुणी ठेवलं, का ठेवलं, सासरी बदललं का, कोणतं जास्त आवडतं. गटाच्या सचिवांनी ती वहीत लिहून ठेवा आणि आमच्याकडं पाठवा. ज्यांना नाव सांगायचं नसेल त्यांचं नाव लिहू नका, नुसती गोष्ट पाठवा. त्या गोष्टी आम्ही पुढच्या एका भागात वाचून दाखवू.

तोवर रामराम.